अळंबी, जाणीव आणि मूळ निबंध

मानवी जाणीव आणि भाषा यांचा उगम कशात आहे? अमेरिकी लेखक टेरेन्स मकेना यांनी ‘फूड ऑफ द गॉड्स’ (१९९२) या ग्रंथात त्याचे उत्तर अळंबीत शोधले. आफ्रिकेच्या गवताळ प्रदेशात शेणावर उगवणारी, सायलोसायबिन हे भ्रमजनक द्रव्य असलेली अळंबी आपल्या पूर्वजांच्या आहारात आली आणि तिने मेंदूच्या विकासाला चालना दिली, अशी ही ‘स्टोन्ड एप’ उपपत्ती आहे.

या द्रव्याच्या अल्प मात्रेने दृष्टी तीक्ष्ण होते व शिकार सुलभ होते, असे सांगताना मकेना रोलंड फिशर यांच्या संशोधनाचा आधार घेतात. मात्र फिशर व सहकाऱ्यांच्या १९७० मधील निबंधाचा विषय होता, सायलोसायबिनमुळे जवळचे दृश्य अवकाश आकुंचित भासणे. दृश्य वेगळे भासणे म्हणजे दृष्टी सुधारणे नव्हे. त्यातून शिकारीतील यश तर मुळीच सिद्ध होत नाही.

अल्जीरियातील तासिली येथील गुहाचित्रांचा दाखलाही असाच तपासावा. ती चित्रे काही हजार वर्षांपूर्वीची. मेंदूची वाढ मात्र लाखो वर्षांची.

नैराश्यावरील उपचारासाठी आज सायलोसायबिनच्या वैद्यकीय चाचण्या होत आहेत. त्यांची विश्वासार्हता या उपपत्तीला आपोआप लाभत नाही. मकेना काय म्हणाले, यासाठी त्यांचा ग्रंथ विश्वसनीय आहे. ते खरे आहे का, यासाठी मूळ निबंध आणि उत्खननातील पुरावाच पाहावा लागतो. एकाच ग्रंथावरून लिहिलेले शंभर लेख म्हणजे शंभर पुरावे नव्हेत.