पास्ता एक, ताटं चार

शहरात भाड्याने फ्लॅट शोधायला निघालं की डिपॉझिट किती, पाणी किती वेळ येतं, पार्किंग आहे का, या सगळ्याच्या आधी ब्रोकर एक प्रश्न टाकतो, ‘व्हेज की नॉनव्हेज?’ शेअरिंगच्या फ्लॅटमध्ये याचं एका शब्दात उत्तर देऊन दाखवा. पुण्यात आम्ही चौघी एकत्र राहतो. एकीच्या घरी पिढ्यान्‌पिढ्या पंढरीची वारी, ती अंड्यालाही हात लावत नाही. दुसरी चिकन खाते, पोर्क नाही. आणि चिकनही सोमवार, गुरुवार, शनिवार आणि चतुर्थी सोडून. तिसरी म्हापशाची. सुट्टीहून परत येते तेव्हा तिच्या बॅगेत कपडे कमी आणि सॉसेज जास्त. चौथी मी, समोर येईल ते खाणारी.

आता अशा घरात रविवारी रात्री कुणीतरी म्हणतं, ‘ए, आज चीझी सॉसेज पास्ता करू या ना!’ आणि सगळ्यांना हवाच असतो. कॅफेत एका प्लेटचे तीनशे-साडेतीनशे जातात, ते महिनाअखेरीला कुणालाच परवडत नाहीत. घरी केला तर तेवढ्या पैशांत चौघींचं पोट जवळजवळ भरतं. अडचण पैशांची नाहीच. अडचण रेसिपीच्या पहिल्याच ओळीत आहे.

कुठलीही रील बघा. कढईत आधी सॉसेज परततात, त्याची सुटलेली चरबी तशीच ठेवून त्यात कांदा-लसूण, मग पास्ता, दूध, वरून मूठभर चीज. एकच भांडं, वीस मिनिटं, झालं. चवीच्या हिशेबाने हे अगदी बरोबर आहे, चरबीतच सगळा स्वाद असतो. पण आमच्यासारख्या घरात या पहिल्या स्टेपलाच एक मुलगी जेवणातून बाहेर पडते. ती काही बोलत नाही. ‘अगं, तुम्ही खा, मला भूक नाहीये फारशी,’ म्हणते, कुकरमधला उरलेला वरणभात घेते आणि खोलीत हेडफोन लावून बसते. भांडण झालं असतं तर निदान मिटवता तरी आलं असतं. हे ‘भूक नाहीये’ प्रकरण मात्र हळूहळू घराची सवय होऊन बसतं.

म्हणून ही रेसिपी उलटी करायची. आधी सगळ्यांचा चीज पास्ता, सॉसेज सगळ्यात शेवटी, वेगळ्या तव्यावर, वेगळ्या उलथन्याने. ऐकायला सोपं वाटतं. पण सॉसेजची चरबी काढून घेतली की सॉसला स्वतःच्या पायावर उभं राहावं लागतं, आणि चीजचा सॉस हा भलताच लहरी प्राणी आहे. तापवलं की एकतर त्याचा चिकट गोळा होतो, नाहीतर तेल वेगळं आणि रबर वेगळं.

असं का होतं, यावर काही इटालियन भौतिकशास्त्रज्ञांनी चक्क संशोधन केलंय. रोममध्ये ‘काचो ए पेपे’ नावाचा पास्ता करतात. त्यात असतं फक्त पेकोरिनो चीज, मिरी आणि पास्ता उकळलेलं पाणी. बिघडायला इतका सोपा पदार्थ दुसरा नसेल. या मंडळींनी त्या सॉसचा अभ्यास केला आणि २०२५मध्ये त्यांना भौतिकशास्त्राचा इग नोबेल मिळाला (हो, आधी हसवणारं आणि मग विचार करायला लावणारं ते बक्षीस). त्यांच्या कामातून दोन गोष्टी आपल्या कामाच्या. एक, चीजच्या वजनाच्या साधारण २ ते ३ टक्के स्टार्च पाण्यात असेल तर सॉस गुळगुळीत राहतो; १ टक्क्याच्या खाली गेलं की गुठळ्या. दोन, सॉस ६५ अंशांच्या वर गेला की चीजमधली प्रथिनं एकमेकांना चिकटायला लागतात. थोडक्यात, पास्त्याचं पांढुरकं पाणी सिंकमध्ये ओतणं हा गुन्हा आहे आणि चीज घातल्यावर गॅस मोठा ठेवणं हा दुसरा.

आपल्या नशिबाने आपल्या फ्रिजमध्ये पेकोरिनो नसतं, क्यूब असतात. प्रोसेस्ड चीजला नाकं मुरडणारे बरेच असतात, पण सॉसच्या बाबतीत ते नाकं मुरडतात त्या चीजइतकं समजूतदार दुसरं काही नाही. १९११मध्ये स्वित्झर्लंडमध्ये वॉल्टर गेर्बर आणि फ्रिट्झ स्टेटलर यांनी चीज वितळवताना त्यात सोडियम सायट्रेट घातलं. चीजमध्ये कॅल्शियमने प्रथिनांना घट्ट बांधून ठेवलेलं असतं. सायट्रेट ते कॅल्शियम पकडून घेतं, प्रथिनं मोकळी होतात आणि मग तीच चरबी आणि पाणी यांना एकत्र धरून ठेवतात. पुढे १९१६मध्ये अमेरिकेत जेम्स क्राफ्टने त्याच्या पद्धतीचं पेटंट घेतलं आणि हे प्रकरण जगभर गेलं. तुमच्या क्यूबच्या पाकिटावर ‘इमल्सिफायर’ असं बारीक अक्षरात लिहिलेलं असतं ना, तो हाच उद्योग. म्हणून क्यूब किसून कोमट दुधात टाकला की निमूट विरघळतो. मोझरेला तसं करत नाही, ते तारा काढतं. फोटोसाठी तारा हव्यात तर मूठभर मोझरेला अगदी शेवटी वरून घाला, सॉसची जबाबदारी त्याच्यावर टाकू नका. आणि विकत घेताना पाकीट वाचा. ‘अॅनालॉग’ असा शब्द दिसला तर त्यात दुधाच्या फॅटऐवजी वनस्पती तेल असू शकतं.

पाकीट वाचायचं आणखी एक कारण आमच्या वारकरी घरातल्या मैत्रिणीमुळे कळलं. चीज करताना दूध विरजण्यासाठी रेनेट लागतं आणि पारंपरिक रेनेट हे वासराच्या जठरातून मिळतं. इटलीतलं खरंखुरं पार्मेझान, म्हणजे पार्मिजानो रेजानो, नियमानुसार वासराच्याच रेनेटने करावं लागतं. आपण मात्र ‘व्हेज पास्ता’ म्हणून मेन्यू कार्डावर बोट ठेवतो आणि वरून पार्मेझान भुरभुरवून घेतो! आपल्याकडच्या बहुतेक क्यूब आणि स्लाइसना मायक्रोबियल रेनेट वापरतात, त्यामुळे त्यांच्यावर हिरवा ठिपका असतो. इम्पोर्टेड तुकडा फ्रिजमध्ये आणण्याआधी तो ठिपका शोधायचा, एवढाच नियम. सॉसेज वेगळ्या तव्यावर करायचं आणि चीजमधून नेमकं तेच ताटात सरकवायचं, याला अर्थ नाही.

तर, चौघींसाठी ४०० ग्रॅम पास्ता. शक्यतो पेन्ने आणि त्यातही रेघा असलेलं, कारण त्या रेघांमध्ये सॉस धरून राहतो. पाकिटावर ‘ड्युरम व्हीट’ लिहिलंय का बघा. ड्युरम म्हणजे काही परकं प्रकरण नाही, आपला बन्सी गहू त्याच कुळातला. मैद्याचा पास्ता मऊ पडतो आणि दुसऱ्या दिवशी त्याची खीर होते. इटालियन लोक १०० ग्रॅमला एक लिटर पाणी सांगतात. चार लिटरचं पातेलं आमच्याकडे नाही आणि असतं तरी आमच्या गॅसवर ते उकळेपर्यंत मध्यरात्र झाली असती. दोन-अडीच लिटर पुरतं. उलट पाणी कमी म्हणजे त्यात स्टार्च दाट, आपल्याला तेच तर हवंय. फक्त पहिली दोन मिनिटं ढवळत राहा, नाहीतर पास्ता तळाला चिकटतो. मीठ दोन लहान चमचे, जास्त नको. चीज खारट, सॉसेज त्याहून खारट. पाकिटावर लिहिलेल्या वेळेच्या दोन मिनिटं आधी गॅस बंद. चाळणीत ओतण्याआधी दोन वाट्या पाणी काढून ठेवा. आणि प्लीज, निथळलेल्या पास्त्यावर नळ सोडू नका, स्टार्च धुऊन जातो.

दुसरीकडे कढईत चमचाभर लोणी, आठ-दहा लसूण पाकळ्या ठेचून, एक कांदा, सिमला मिरची. कांदा गुलाबी झाला की दीड वाटी दूध. दुधाला वाफ यायला लागली, उकळी नाही, की गॅस अगदी बारीक करून आठ क्यूब किसून घाला. हे झालं साधारण २०० ग्रॅम चीज. ढवळत राहिलं की दोन-तीन मिनिटांत सॉस होतो. मैदा नाही, क्रीम नाही. त्यात पास्ता आणि अर्धी वाटी राखून ठेवलेलं पाणी. बघताना सॉस पातळच वाटेल, घाबरू नका. पास्ता त्यातलं निम्मं पिऊन टाकतो आणि उरलेलं ताटात येईपर्यंत घट्ट होतं. मिरपूड, ओरेगॅनो आवडत असेल तर तो. फोडणीच्या मिरचीचे दोन तुकडे चुरून घातले तर चिली फ्लेक्सची पुडी शोधत बसावं लागत नाही.

आता सॉसेज. चिकन सॉसेज सोपं. फ्रोझन पाकिटातलं बहुतेक वेळा आधीच शिजवलेलं असतं, पण पाकिटावर तसं लिहिलंय का ते बघा. बर्फ सुटू द्या, तिरके काप करा आणि तेलाच्या दोन थेंबांवर दोन्ही बाजू तपकिरी होईपर्यंत भाजा. घाईत पांढरंच उतरवलं तर ते खोडरबर लागतं.

गोव्याचं सॉसेज हा मात्र वेगळाच मामला आहे. कोकणीत त्याला चोरीस म्हणतात, पोर्तुगीज ‘शोरिसो’वरून. पोर्तुगालमधल्या शोरिसोत पाप्रिका आणि वाइन असते. गोव्यात आल्यावर त्याच्या जागी लाल मिरची आणि माडाच्या सुरेचं व्हिनेगर आलं. मिरचीही मुळात पोर्तुगीजांनीच आणलेली, म्हणजे पाहुण्याने आणलेल्या सामानातूनच पाहुण्याचा पदार्थ आपलासा केला. पोर्कचे तुकडे मीठ, मिरची, आलं-लसूण आणि व्हिनेगरमध्ये मुरवतात, आतड्यात भरतात, दोऱ्याने बांधतात आणि वाळवतात किंवा धुरी देतात. म्हापशाच्या बाजारात या लालभडक माळा टांगलेल्या दिसतात. पावसाळ्याआधी घरोघरी जी बेगमी करतात, जिला तिकडे पुरुमेंत म्हणतात, त्यात सुक्या मासळीबरोबर या माळाही असतात. आमच्या म्हापसेकरणीच्या मते पावसाची खरी तयारी छत्री नव्हे, चोरीस.

पण हे कच्चं असतं, चिकन सॉसेजसारखं नुसतं परतून चालत नाही. दोरा काढा, वरचं आवरण सोडवा, आतलं सारण छोट्या कढईत अर्ध्या वाटी पाण्याबरोबर घालून झाकण ठेवा आणि मंद आचेवर पंधरा-वीस मिनिटं शिजवा. पाणी आटतं, लाल चरबी सुटते आणि सगळ्या मजल्याला कळतं की आज काय आहे. (खिडकी उघडा. एक्झॉस्ट लावा. खालच्या काकू वर येऊन ‘काय गं, लोणचं घातलंत का?’ विचारून गेल्यात.) वेगळं तेल नको, मीठ नको, तिखट नको. त्या चरबीत एक कांदा मात्र भरपूर परतून घ्या, आंबट-तिखटाला थोडा गोडवा हवाच. दोघींना दहा-बारा मणी पुरेत; चिकनसारखं अख्खं पाकीट रिकामं करायला गेलात तर चीज कुठे गेलं ते कळणार नाही.

मग ताटं. एकात नुसता चीज पास्ता, वर परतलेली सिमला मिरची आणि मक्याचे दाणे. दुसऱ्यात चिकनचे काप. पण रविवारी चतुर्थी आली तर तेही पहिल्यासारखंच. उरलेल्या दोन ताटांत चोरीस, आणि त्याची लाल चरबी पांढऱ्या सॉसमध्ये जी नक्षी काढते ती बघूनच भूक लागते. खरं सांगायचं तर चवीत थोडा फरक पडतो. सॉसेजच्या चरबीत सुरुवातीपासून शिजलेला पास्ता जास्त खमंग लागतो, म्हापसेकरीण हे दर वेळी ऐकवते. ‘तुमगेलो हो पास्ता न्हय, तडजोड,’ असं तिचं म्हणणं. पण तिनेच स्वतःच्या पैशांनी सॉसेजसाठी वेगळी कढई आणि उलथनं आणलं, त्याला लाल दोरा बांधला, चोरीसचाच, आणि वरच्या फळीवर ठेवलं. आणि वारकऱ्यांच्या घरातली आता सॉस ढवळायला स्वतः उभी राहते, कारण गॅस बारीक ठेवण्याचा पेशन्स आमच्यापैकी दुसऱ्या कुणाकडे नाही.

भांडी घासताना चीजच्या कढईत आधी थंड पाणी घाला, गरम पाण्याने ते जास्तच चिकटतं. उरलेला पास्ता दुसऱ्या दिवशी दगड झालेला असेल. दोन चमचे दूध घालून मंद गॅसवर हलवला की सॉस परत जिवंत होतो. चोरीस उरलंच, तर सकाळी कोपऱ्यावरच्या बेकरीतून पाव आणा, मधून कापा आणि भरा. गोव्यात तो नाश्ता आहे.