मुलीचे मामा कुठे आहेत?

नेरुळच्या एका हॉलमध्ये लग्न होतं. गुरुजींनी माइकवरून पुकारा केला, "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं." मामा बाहेर पार्किंगवाल्याशी हुज्जत घालत होते. वडील समोर, दोन काका फेट्यात, पण त्यांतल्या कुणाचं काही चालेना. मुहूर्त खोळंबला मामापायी.

त्या पाच मिनिटांत मला शेलारमामा आठवला. आणि हसू नका, त्याच्या मागोमाग फ्रँकांचा राजा शार्लमेन.

'रोलाँचं गीत' हे सुमारे 1100 सालचं फ्रेंच वीरकाव्य. चार हजार ओळींचं, आपल्या पोवाड्यासारखं लोकांपुढे गायचं. त्यातला रोलाँ हा शार्लमेनचा भाचा. जुन्या फ्रेंचमध्ये भाचा आणि पुतण्या दोघांना एकच शब्द. आपल्याकडे 'भाचा' म्हटलं की पुढचं सांगावं लागत नाही. गंमत अशी की हे नातं इतिहासाने दिलेलं नाही. 778 साली पिरेनीजच्या खिंडीत शार्लमेनच्या सैन्याची पिछाडी कापली गेली. चरित्रकार आइनहार्टने मेलेल्यांत रोलाँचं नाव लिहिलं, त्याचा हुद्दाही लिहिला, पण भाचेपणाचा उल्लेख नाही. तीनशे वर्षं लोटली आणि गाण्यात सरदाराचा भाचा झाला. दगा देणारा कोण, तर गानलाँ, रोलाँचा सावत्र बाप! दुसऱ्या एका काव्यात गियोम हा मामा आणि रणात पडणारा व्हिव्हियाँ त्याचा भाचा. व्हिव्हियाँच्या धाकट्या भावाला, पंधरा वर्षांच्या गीला, लहान म्हणून घरी ठेवतात. तो ऐकतो थोडाच? घोड्यावर बसून मागून येतोच.

एवढे मामा-भाचे कशाला? उत्तर आपल्याच भाषेत आहे: भाऊबंदकी. वतन बापाकडून येतं, म्हणून वाटणीचं भांडण भाऊ, चुलते, पुतणे यांच्यातच लागतं. मामाचं आडनावच वेगळं. त्याला हिस्सा नाही, म्हणून त्याच्या मायेवर संशयही नाही. फ्रेंच सरदारांच्या घरातही बापाची जहागीर हाच कळीचा मुद्दा होता आणि मुलाला आधार देण्यात आईच्या भावाचं काही जात नव्हतं.

आता तुळशीदासाचा सिंहगडाचा पोवाडा घ्या. अ‍ॅक्वर्थ आणि शाळिग्राम यांनी 1891 साली छापलेल्या संग्रहात तो आहे. गड 4 फेब्रुवारी 1670 च्या रात्री घेतला, पण आपल्या आठवणीत ती मोहीम म्हणजे घरचंच कार्य. रायबाचं लग्न, आमंत्रणाला निघालेला बाप तानाजी, सोबत त्याचा धाकटा भाऊ सूर्याजी आणि ऐंशीचा शेलारमामा. (ते प्रसिद्ध वाक्य तुम्हाला पाठ आहे, लिहीत नाही.) मामाचं पाळण्यातलं नाव विचारून पाहा, पटकन कुणाला सांगता येत नाही. आडनाव आणि नातं, एवढ्यावर तो साडेतीनशे वर्षं टिकला. भाचा पडल्यावर किल्लेदार उदयभानाला त्याने लोळवलं, असं परंपरा सांगते. शार्लमेनही मागे फिरतो, भाच्याच्या प्रेतावर रडतो आणि सूड घेतो. या दोन शाहिरांची ओळख असण्याची सुतराम शक्यता नाही.

मला जास्त चटका लावतो तो रायबा. पोवाड्यातला तरुण तोच, आणि सगळ्या गोष्टीत त्याला करायला काहीच नाही. तो फक्त बोहल्यावर चढायचा थांबलेला. फ्रेंच इतिहासकार जॉर्ज द्यूबी यांनी दाखवून दिलं की बाराव्या शतकातल्या सरदारपुत्राचं 'तरुणपण' वयावर मोजत नसत. हाती शस्त्र आलं की ते सुरू व्हायचं आणि लग्न होऊन मूल झालं की संपायचं. कित्येक जण वीस-वीस वर्षं तसेच तरुण राहायचे. रोलाँही तसाच तरुण राहिला. त्याची वाग्दत्त वधू ओद हिला त्याच्या मरणाची बातमी कळते तेव्हा शार्लमेन तिला आपला मुलगा देऊ करतो. ती तिथेच कोसळून मरते. रायबाचं लग्न मात्र होतं, आणि ते शिवाजी महाराज लावतात. इथे मला आपला शाहीर फ्रेंच कवीपेक्षा मोठ्या मनाचा वाटतो.

पनवेलहून गोवा महामार्गाने गावी जाताना पोलादपूरला वाट वाकडी करा आणि उमरठला जाऊन या. तानाजीची समाधी तिथे आहे, आणि शेलारमामाचीही.