काचेबाहेरचा मेक्सिको

दोन सतरा वर्षांची पोरं, त्यांच्याहून मोठी एक बाई, एक जुनी गाडी आणि दूरचा समुद्र. आल्फोन्सो क्वारोनच्या 'ई तु मामा ताम्बिएन' (२००१) या मेक्सिकन सिनेमाची गोष्ट एवढीच. पण हा सिनेमा गाडीत कमी आणि काचेबाहेर जास्त घडतो.

आधी किनाऱ्याची गंमत. 'बोका देल सिएलो', म्हणजे स्वर्गाचं मुख, हे नाव पोरांनी त्या बाईवर, लुईसावर, छाप पाडायला चक्क ठोकून दिलेलं असतं. आणि प्रवासाच्या शेवटी त्याच नावाचा किनारा खरोखर भेटतो!

आता आडनावं ऐका. हुलिओ सापाता, तेनोच इतुर्बिदे, लुईसा कोर्तेस. सापाता हा शेतकऱ्यांसाठी लढलेला क्रांतिकारक, इतुर्बिदे स्वतंत्र मेक्सिकोचा पहिला सम्राट आणि कोर्तेस हा देश जिंकणारा स्पॅनिश सरदार. लुईसाही स्पेनचीच. अख्खा इतिहास एका गाडीत कोंबलाय.

जिवलग मित्रांमधली वर्गाची भिंत तर क्वारोन संडासात दाखवतो. श्रीमंत तेनोचकडे गेला की हुलिओ वास लपवायला काडी ओढतो. हुलिओकडे आला की तेनोच कमोडची सीट पायानं उचलतो. याहून नेमकं समाजशास्त्र मी पडद्यावर पाहिलेलं नाही.

मधेच आवाज बंद होतो आणि निवेदक शांतपणे काहीतरी सांगून जातो. शहरात वाहतूक तुंबते, कारण एक गवंडी बसखाली आलाय. पादचारी पुलावरून जायचं तर त्याला दोन किलोमीटर जादा चालावं लागलं असतं. छायाचित्रकार लुबेस्कीचा कॅमेराही असाच भटक्या: खानावळीत आपल्या तिघांना टेबलाशी सोडून तो थेट स्वयंपाकघरात, भांडी घासणाऱ्या बायकांकडे जातो.

वाटेत तेपेल्मेमे गावाचा फाटा लागतो. तेनोचला सांभाळणाऱ्या लेओचं हे गाव. चार वर्षांचा होईपर्यंत तो तिलाच आई म्हणायचा, पण तिच्या गावी कधीच गेलेला नाही. आताही तो गप्प बसतो, गाडी पुढे जाते.

लेओच्या छोट्या भूमिकेत आहेत लिबोरिया रोद्रिगेस, म्हणजे लहानपणी क्वारोनला सांभाळणाऱ्या लिबो. आपला 'रोमा' (२०१८) हा सिनेमा क्वारोननं त्यांनाच अर्पण केला. 'ई तु मामा ताम्बिएन' पुन्हा बघाल, तेव्हा तेनोचसाठी सँडविच घेऊन येणाऱ्या आणि त्याच्या शेजारीच वाजणारा फोन उचलणाऱ्या त्या बाईंकडे नक्की बघा.