पात्रयोजकाचे अदृश्य कर्तृत्व

नाटकाच्या यशात पात्रयोजनेचा वाटा किती मोठा असतो, हे आपल्या रसिकांस सांगावयास नको. तथापि योग्य भूमिकेसाठी योग्य नट हुडकणे हेच ज्याचे जीवितकार्य, त्या पात्रयोजकाचे नाव प्रेक्षकांच्या ओठी क्वचितच येते. अमेरिकेतील मॅरियन डॉहर्टी (१९२३–२०११) यांचे चरित्र या दृष्टीने उद्बोधक आहे.

पूर्वी हॉलिवूडमधील चित्रसंस्था आपल्या करारबद्ध नटांतूनच ठराविक साच्याची माणसे निवडीत. डॉहर्टी यांनी न्यूयॉर्कमध्ये ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’ या नाट्यमालिकेसाठी काम करताना निराळी वाट धरली. त्या रंगभूमीवरील होतकरू नटांची कामे स्वतः पाहात आणि प्रत्येकाविषयीचे आपले मत लहानशा कार्डावर टिपून ठेवीत. १९६३ साली ‘नेकेड सिटी’ या मालिकेत जॉन व्हॉइट या तरुण नटाचे काम पुरते फसले. तरीही त्याचे अंगचे गुण जाणून डॉहर्टी यांनी ‘मिडनाइट काउबॉय’ (१९६९) या चित्रपटासाठी त्याचेच नाव पुढे केले. त्या भूमिकेने व्हॉइट ख्यातनाम झाला. श्रेयनामावलीत मात्र डॉहर्टी यांचे नाव आले नाही.

१९९१ साली त्यांना सन्मान्य ऑस्कर मिळावे म्हणून झालेला प्रयत्नही निष्फळ ठरला. पात्रयोजनेसाठी स्वतंत्र ऑस्कर देण्याचा निर्णय २०२४ साली जाहीर झाला. तो पाहावयास त्या हयात नव्हत्या.

गुण प्रकट झाल्यावर त्याचे कौतुक सर्वच करतात. अपयशातही तो ओळखावयास जी दृष्टी लागते, ती शिक्षकालाही सहजी लाभत नाही.