हलगी कुणाला ऐकू येते?

लेखमाला : पडद्यामागचे सूर (लेखांक ६)

पार्श्वसंगीत कुठे सुरू करायचं आणि कुठे थांबवायचं, हे मागच्या लेखात पाहिलं. आज वाद्यांकडे वळू. परंड्याच्या परिसरात जत्रा असो की वरात, हलगी-संबळ कानावर पडतातच. ही वाद्यं चित्रपटात वापरताना संगीतकाराला आधी ठरवावं लागतं : हा आवाज पात्रांनाही ऐकू येतो, की फक्त प्रेक्षकांना?

शेजारच्या करमाळा तालुक्यातलं उदाहरण घ्या. केमचा सोमनाथ अवघडे गावात हलगी वाजवायचा. नागराज मंजुळे यांनी त्याला ‘फँड्री’त जब्याची भूमिका दिली. या चित्रपटाचं पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं. त्यातला राष्ट्रगीताचा प्रसंग आठवा. डुक्कर हाती लागायच्या बेतात असतं, तेवढ्यात शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येतं आणि त्याच्यामागे धावणारं जब्याचं सगळं कुटुंब जागच्या जागी उभं राहतं. ते पात्रांच्या कानावर पडतं म्हणूनच प्रसंग घडतो. तेच सूर फक्त प्रेक्षकांसाठी असते, तर धावपळ चालूच राहिली असती.

आवाज पात्रांच्या जगाबाहेरचा असेल, तर हिशेब सुरू होतो. समजा, परंड्याच्या किल्ल्याच्या खंदकाकाठून कुणी चालत येतंय आणि दृश्य ६ सेकंदांचं आहे. हलगीची लय मिनिटाला ८० मात्रांची धरली, तर ६ सेकंदांत नेमक्या ८ मात्रा बसतात. केरव्याचं एक आवर्तन पुरं होतं आणि दृश्य बदलताना सम येते. संकलकाने अर्धा सेकंद कापला की सम दृश्याच्या पुढे जाते. मग लय सुमारे ८७वर न्यायची किंवा बोलच बदलायचे. जाणता वादक दुसरा मार्ग धरतो, कारण चालणाऱ्याची पावलं काही भरभर पडू लागलेली नसतात.

ध्वनिमुद्रणाची अडचण वेगळीच. हलगी शेकली की चामडं ताणलं जातं, आवाज चढतो. थोड्या वेळाने तो उतरतो. त्यामुळे दोन टेक जोडताना कान लावून पाहावं लागतं. शिवाय काडीचा कडक आघात संवादातल्या व्यंजनांवर बसतो आणि शब्द कळेनासे होतात. म्हणून बोल दोन वाक्यांच्या मधल्या जागेत ठेवायचे.

‘सैराट’साठी अजय-अतुल यांनी लॉस एंजेलिसमध्ये सिंफनी वाद्यवृंद ध्वनिमुद्रित केला. तरीही चित्रपटाचा शेवट नि:शब्द आहे. एवढा मोठा वाद्यवृंद हाताशी असताना गप्प राहणं, हाही रचनेचाच भाग.

मालिकांच्या घाईत संगणकातली तयार हलगी चालवून घेतली जाते. तिला दृश्य दिसत नाही. समोर पडदा बघत वाजवणारा माणूस पात्र अडखळलं की हात आखडता घेतो. असे वादक आपल्या गावागावांत आहेत. त्यांना स्टुडिओत बोलवावं, चित्र दाखवावं, रास्त मानधन द्यावं आणि श्रेयनामावलीत त्यांचं नाव यावं.

पुढील लेखात : तुणतुण्याची एक तार आणि संवादाखालचा सूर.