अ‍ॅनिमेतील परभाषी आवाज आणि भावपरिणाम

रडयार्ड किपलिंग यांच्या १८९४ सालच्या ‘द जंगल बुक’मधील मोगलीच्या कथा सिवनीच्या डोंगरांत व वैनगंगेच्या परिसरात घडतात. हीच नदी पुढे भंडारा जिल्ह्यात पवनीवरून वाहते. आसगाव हे त्याच पवनी तालुक्यातील गाव होय. १९८९ साली जपानमधील निप्पॉन अ‍ॅनिमेशन या संस्थेने या कथांवर चित्रमालिका काढली व १९९३ मध्ये ती दूरदर्शनवर हिंदीत प्रसारित झाली. इंग्रजीत लिहिलेली, जपानात चितारलेली कथा अशा रीतीने वैनगंगेच्या खोऱ्यात हिंदी आवाजाने परतली. चित्र तेच राहून आवाज बदलला असता भावपरिणामाचे काय होते, हा प्रश्न यातून उद्भवतो.

अमेरिकेत सामान्यतः संवाद आधी मुद्रित करून त्यांबरहुकूम चित्रे काढतात. जपानात बहुधा याच्या उलट क्रम असतो. शिवाय अ‍ॅनिमेत ओठांच्या मोजक्याच आकृत्या वापरल्या जात असल्याने भावाचा पुष्कळसा भार आवाजावर पडतो. इंग्रजी नटापुढे येथे एक विशेष अडचण उभी राहते. जपानी वाक्यात क्रियापद शेवटी येते आणि नकार वा विनंती तेथेच उलगडते. इंग्रजीत ती आधीच कळून जाते. मराठी व हिंदी यांची वाक्यरचना या बाबतीत जपानीला जवळची आहे.

आवाज केवळ भाव वाहतो असे नव्हे, तो अर्थही पालटू शकतो. हायाओ मियाझाकी यांच्या ‘किकीज डिलिव्हरी सर्व्हिस’ (१९८९) या चित्रपटात किकीला मांजराचे बोलणे कळेनासे होते व शेवटीही ते मांजर बोलत नाही. बाल्य सरल्याची ती खूण ठरते. १९९८ च्या इंग्रजी आवृत्तीत मात्र ते शेवटी पुन्हा बोलते. परिणामी वियोगाची हुरहुर जाऊन तिच्या जागी दिलासा येतो.

मोगलीच्या हिंदी मालिकेत शेरखानला नाना पाटेकर यांचा आवाज लाभला. त्यांच्या परिचित, तुटक आणि धारदार उच्चारामुळे जपानी रेषेतील वाघ येथील प्रेक्षकाला परका वाटला नाही. तथापि या आवाजाची भाषा हिंदी होती. वैनगंगेकाठच्या झाडीबोलीला या परतीच्या प्रवासात स्थान मिळाले नाही. परकी कथा आपलीशी करण्याचे सामर्थ्य आवाजात असेल, तर तो कोणत्या बोलीचा असावा, हा निर्णय केवळ तंत्राचा राहत नाही. आपल्या नदीची कथा ऐकताना मुलाला स्वतःची बोली कानी पडते की नाही, हे त्यावरच ठरते.