भिंतीवरून कागदावर

मुलांनो, वाशीपासून डहाणू फार दूर, समुद्राच्या बाजूला आहे. तरी तिथली चित्रे तुम्ही कपड्यांवर, पिशव्यांवर पाहिली असतील. दोन त्रिकोणांची टोके जोडली की झाले माणसाचे अंग! वर एक गोल, म्हणजे डोके.

ही वारली आदिवासींची चित्रे. पूर्वी ती लग्नघराच्या भिंतीवर सुवासिनी काढत. तांदळाच्या पिठाचा पांढरा रंग आणि बांबूची काडी, एवढेच साहित्य. तुमच्या घरी ईदला मेंदी काढतात ना? तसेच हे बायकांच्या हातातले काम होते. मग पुरुषाने काडी कशी धरली?

जिव्या सोमा म्हसे यांचा जन्म 1934 चा. सात वर्षांचे असताना त्यांची आई वारली आणि त्यांचे बोलणेच बंद झाले. मनातले सारे ते धुळीत बोटाने काढून दाखवत. 1970 नंतर भास्कर कुलकर्णी या चित्रकाराने त्या भागात कागद आणला. मग जिव्या लग्नाची वाट न पाहता रोज चित्रे काढू लागले. 1989 मध्ये त्यांची चित्रे पॅरिसच्या प्रदर्शनात लागली. 2011 साली त्यांना पद्मश्री मिळाली. 2018 मध्ये ते वारले.

त्यांचे मासे पकडण्याच्या जाळ्याचे चित्र मिळाले तर जरूर पाहा. बारीक बारीक रेघांनी सारा कागद विणून काढला आहे.